सपाट बाप

अठरा वर्षं मी एका दैनिकाच्या पुरवणीत सिनेमाची परीक्षणं लिहिली आणि त्या अठरा वर्षांत निदान तीस-चाळीस लेखकांचे बाप सपाट ठरवले. सपाट हा आम्हा समीक्षकांचा लाडका शब्द. पडद्यावरचा बाप नुसताच चांगला असला, वेळेवर घरी येत असला, बायकोवर हात उगारत नसला, की आम्ही लिहून मोकळे व्हायचो: पात्र सपाट आहे, त्याला दुसरी बाजूच नाही. मी तर एकदा लिहिलं होतं, ‘सज्जनपणा हा बापाचा गुण नसतो, तो लेखकाचा आळस असतो.’ डोंबिवलीत फडके रोडवर एका प्राध्यापकांनी मला थांबवून हे वाक्य पाठ म्हणून दाखवलं होतं. मी मान खाली घालून विनयाने हसलो होतो. आज ते आठवलं की स्वतःच्याच थोबाडीत द्यावीशी वाटते.

रागात लिहितोय, हे आधीच सांगून टाकतो. वय झालं की राग निवतो म्हणतात. माझा निवलेला नाही.

एकदा एका लेखकाचा मला फोन आला होता. त्याचा पहिलाच सिनेमा होता आणि मी तो शुक्रवारी सकाळी बघून तासाभरात सोलून काढला होता. तो भांडला नाही. म्हणाला, “साहेब, माझा बाप खरंच तसा होता हो. मग मी काय करायला हवं होतं?” मी खुर्चीत मागे रेलून त्याला सांगितलं की खरं असणं पुरेसं नसतं. तो “बरं” म्हणाला आणि त्याने फोन ठेवला. त्याचं पुढे काय झालं, मला माहीत नाही. विचारायचं सुचलंही नाही.

मग पेपरने माझा रकाना बंद केला. संपादक म्हणाले, आता लोक वाचत नाहीत, दीड मिनिटाचा व्हिडिओ आणि स्टार पुरे. माझ्या जागी एक चुणचुणीत पोरगा आला, जो मोबाइलसमोर हातवारे करून बोलायचा आणि पेपरात चार ओळी लिहायचा. मी पंचेचाळिशीचा, घरी बसलो. अठरा वर्षं ज्यांना झोडलं ते सगळे एकच गोष्ट म्हणत आले होते, एवढं कळतं तर तुम्हीच लिहून दाखवा. म्हटलं, दाखवतो.

गोष्ट शोधायला लांब जायचं नव्हतं. ती आमच्या ठाकुर्लीच्या घरात खिडकीजवळच्या खुर्चीवर बसून पेपर वाचत होती. माझे बाबा ठाण्याला वागळे इस्टेटमधल्या एका कारखान्यात बावीस वर्षं टर्नर होते. टर्नर म्हणजे लेथवर लोखंड फिरवून त्याला आकार देणारा माणूस. मी आठवीत असताना मालकाने एका सकाळी गेटला कुलूप घातलं आणि तो नाहीसा झाला. कामगारांना वाटलं, हा आता गुपचूप मशीन उचलून नेणार. म्हणून त्यांनी गेटवर पहारा बसवला. तोही कसा, तर शिफ्टप्रमाणे. फर्स्ट शिफ्टवाले सकाळी सातला येणार, सेकंडवाले दुपारी तीनला, थर्डवाले रात्री अकराला, शंभर पानी वहीत सही करणार, डबा घेऊन बंद गेटसमोर बसणार. काम नाही, पगार नाही, पण हजेरी चुकवायची नाही. हे सात महिने चाललं. बाबा रोज अंघोळ करून, इस्त्रीचा युनिफॉर्म घालून जायचे.

त्यातच खंडेनवमी आली. वर्षानुवर्षं त्या दिवशी कारखान्यात मशीनची पूजा व्हायची. लेथ रॉकेलने पुसायचा, तेल द्यायचं, झेंडूचा हार, नारळ, पेढे, आणि मग सगळे मिळून टेंभी नाक्याच्या देवीला. त्या वर्षी मशीन आत होती आणि माणसं बाहेर. तेव्हा त्यांनी कुलुपाचीच पूजा केली. मालकाने घातलेल्या कुलुपाची. ते पुसलं, त्याच्या भोकात तेल सोडलं, हळदकुंकू वाहिलं, हार घातला. कारण आत मशीन होती, आणि त्यांचा हात पोचेल असं तेवढंच एक लोखंड बाहेर होतं.

बाबांनी मला हे सांगितलं तेव्हा मी ताडकन उठून वही आणायला गेलो. अठरा वर्षं सिनेमे बघून एवढी अक्कल आली होती की पडद्यावर काय टिकतं ते कळावं.

पण बाबांनी आणखीही एक सांगितलं होतं. त्या पूजेच्या आधी दोन दिवस ते गेटवर गेले नव्हते. सात महिन्यांत तेवढ्याच दोन दिवसांच्या सह्या त्या वहीत नाहीत. मला विषमज्वर झाला होता. कल्याणच्या एका दवाखान्यात मी होतो आणि बाबा माझ्या उशाशी बसून होते, दोन दिवस डोळ्याला डोळा नाही. तिसऱ्या दिवशी आई आल्यावर ते तसेच उठून पूजेला गेले. डोळे लालभडक. कुणीतरी विचारलं तर म्हणाले, झोप झाली नाही. एवढंच. स्वतःच्या घरचं रडगाणं तिथे का गायचं, सगळ्यांचीच घरं होती.

मी काय केलं? मी लाल डोळे ठेवले आणि विषमज्वर काढून टाकला. आजारी मुलाच्या उशाशी जागणारा बाप! असला बाप पडद्यावर आला असता तर मी त्याची परीक्षणात चटणी केली असती. लाल डोळे मात्र छान होते. ‘झोप झाली नाही’ हे वाक्यही छान होतं. कारण सांगितलं नाही की प्रेक्षक विचार करतो, असं मी स्वतःला समजावलं.

एकशे बारा पानं झाली. ती पूर्ण वाचणारा माणूस जगात एकच निघाला, तो म्हणजे बाबा. पेन्सिल घेऊन वाचली त्यांनी. समासात बारीक अक्षरात शेरे. ‘चकची चावी चकमध्येच अडकवून लेथ चालू केलाय. चावी उडून तोंडावर बसेल, बदल.’ ‘युनिफॉर्म निळा नव्हे, खाकी.’ आणि पूजेच्या पानावर, ‘इथे तुझं आजारपण राहिलं.’ मी म्हटलं, राहिलं नाही, काढलंय. त्यांनी का म्हणून विचारलं नाही. फक्त म्हणाले, “पूजा तेवढी ठेव. बाकी तुला कळतं.”

आता सिनेमाच्या धंद्यातली गंमत ऐका. सिनेमाच्या धंद्यात कुणी वाचत नाही. अठरा वर्षं ‘पटकथा ढिसाळ आहे’ असं लिहिणाऱ्या मला हे माहीतच नव्हतं की ती पटकथा निर्मात्याने, नटाने, कधीकधी दिग्दर्शकानेही वाचलेली नसते. ती ऐकवायची असते. त्याला नॅरेशन म्हणतात. लेखकाने समोर बसायचं, सगळ्यांचे आवाज काढायचे, पार्श्वसंगीतसुद्धा तोंडानेच द्यायचं, आणि ऐकणाऱ्यांनी फोन बघत बघत ठरवायचं की यात दम आहे का. कीर्तनकाराला तरी लोक मान देतात.

निर्मात्याचं ऑफिस वागळे इस्टेटमध्येच होतं, बाबांच्या कारखान्यापासून दोन गल्ल्या सोडून, काचेच्या नव्या इमारतीत. खोलीत तिघं होती. निर्माता, दिग्दर्शक आणि तिशीची एक बाई, जिला ते क्रिएटिव्ह हेड म्हणत होते. मी एकशे बारा पानांची प्रत पुढे केली. निर्मात्याने ती हातात तोलून बघितली आणि तिच्यावर पाण्याची बाटली ठेवली.

“ते राहू द्या. तुम्ही ऐकवा.”

मी वाचू लागलो. मला ऐकवता येत नाही. मी लिहिणारा माणूस, माझा आवाज बँकेतल्या टोकन नंबरसारखा एकसुरी. दहाव्या मिनिटाला निर्मात्याचा अंगठा फोनवर सरकू लागला. विसाव्या मिनिटाला दिग्दर्शक खिडकीतून पार्किंग बघायला लागला. क्रिएटिव्ह बाई तेवढी माझ्याकडे बघत होती, पण हॉस्पिटलात नातेवाइकांकडे बघतात तशी. मी घामाघूम, एसी चालू असताना. मग पूजेचा प्रसंग आला. कामगार कुलूप पुसतात, तेल देतात, हळदकुंकू वाहतात. बाप उशिरा येतो. डोळे लाल. शेजारच्या लेथवरचा मित्र विचारतो, काय झालं रे? हा म्हणतो, झोप झाली नाही.

निर्मात्याने पहिल्यांदाच वर बघितलं. “डोळे लाल का आहेत पण त्याचे?”

हा तो क्षण. शब्द आपोआप तोंडातून गेले, असं म्हणायची सोय आहे आणि मी सहा महिने तसंच म्हणत होतो. ते खोटं आहे. मी विचार केला. एकच सेकंद असेल, पण केला. खरं उत्तर जिभेवर होतं. मुलाला विषमज्वर झालाय, हा दोन दिवस जागतोय. आणि मला दिसलं, हे ऐकून तो अंगठा पुन्हा फोनवर जाणार.

“पितो,” मी म्हणालो. “दोन दिवस घरी बसून पितोय.”

निर्मात्याने फोन उलटा ठेवला.

मग मला कोण आवरणार? ज्या माणसाचा आवाज अर्धा तास निघत नव्हता, तो उभा राहून करून दाखवायला लागला. बाप घरात एकटा पितोय. युनिफॉर्म इस्त्री करून खुंटीवर, खाली बाटली. मुलगा शाळेतून येतो, म्हणतो, बाबा, आज गेटवर नाही गेलात? आणि बाप त्याच्या कानाखाली मारतो. मी स्वतःच्याच तळहातावर टाळी मारून तो आवाज काढला. दिग्दर्शक खिडकी सोडून पुढे सरकला. क्रिएटिव्ह बाईचे डोळे भरले. आणि मला, खोटं कशाला बोलू, मला ते इतकं आवडलं की अंगावर काटा आला. अठरा वर्षांत माझ्या लिहिण्याने कुणाच्या डोळ्यांत पाणी आलं नव्हतं. आलं असलंच तर ते वेगळ्या कारणाने.

“सर,” ती बाई म्हणाली, “हे तुमचं स्वतःचं आहे ना? म्हणजे, तुम्ही जगलायत हे?”

मी मान हलवली. हो म्हणालोसुद्धा नाही, नुसती मान हलवली. तेवढी पुरली.

माझ्या बाबांनी आयुष्यात दारूला हात लावलेला नाही. त्यात काही तत्त्व वगैरे नाही. त्यांना वासच सहन होत नाही, शेजारी कुणी पिऊन बसला असेल तर त्यांना मळमळतं. कारखाना गेल्यापासून त्यांची जुनी मंडळी दर वर्षी दसऱ्यानंतरच्या रविवारी दुपारी जमतात, शेजारच्या लेथवरच्या काकांकडे. हे काका डोंबिवलीजवळच्या गावातले आगरी. कारखाना गेल्यावर त्यांच्या वडिलांच्या मिठागराची जागा बिल्डरला गेली, तिथे इमारती उभ्या राहिल्या, आता गच्ची असलेलं मोठं घर आहे, पण बाबांशी दोस्ती तीच. मटण, तांदळाची भाकरी, आणि बाटली. बाबांच्या हातात लिंबू सरबत. ‘सरबतवाले’ म्हणून त्यांना इतकी वर्षं चिडवत आलेत. आणि त्यांनी मला कधी हात लावलेला नाही. फुटपट्टीसुद्धा नाही.

घरी आलो, शांत झालो, आणि दुसऱ्या दिवशी निर्मात्याला फोन केला की ते पिण्याचं काढू या, मी दुसरं काहीतरी सुचवतो. तो हसला. “साहेब, तोच तर सिनेमा आहे.” मी विषमज्वराचं सांगितलं. तो म्हणाला, “चांगलंय, पण त्याने काय होतं?” क्रिएटिव्ह बाईला भेटलो. तिने शांतपणे फोन काढून मला एक फोटो दाखवला. माझ्याच जुन्या परीक्षणाचं कात्रण. ‘सज्जनपणा हा बापाचा गुण नसतो, तो लेखकाचा आळस असतो.’

“सर, हे तुमचंच आहे,” ती म्हणाली. “मी कॉलेजला असताना कापून ठेवलेलं. आता तुम्हीच घाबरताय?”

कुठल्या तोंडाने बोलणार होतो? तिच्यावर मी भडकलो, टेबलावर हात आपटला, पाण्याची बाटली पाडली, तुम्हा लोकांना कामगार म्हटला की दारूच दिसते, असं ओरडलो. ते खरंही आहे. त्यांना कामगार म्हटला की दारूच दिसते. पण ती बाटली त्या घरात मी ठेवली होती, त्यांनी नाही. ती बाई टिश्यूने टेबल पुसत राहिली.

नाव काढून घेता आलं असतं. बायकोने सरळ सांगितलं, “काढून घे नाव, आणि बाबांना काय ते खरं सांग.” मी दोन्ही केलं नाही. अठरा वर्षं मी अंधारात बसून दुसऱ्यांची नावं पडद्यावर येताना बघितली होती. कथा-पटकथा-संवाद, आणि खाली माझं नाव. मला ते हवं होतं. इतकं हवं होतं की बाबांनी विचारलं, “पूजा आहे ना रे?” तेव्हा मी म्हणालो, “आहे. थोडं इकडेतिकडे बदललंय.”

“बदलणारच,” ते म्हणाले. “लेथवर पहिला जॉब कधी ड्रॉइंगप्रमाणे निघतो का?”

सिनेमा लागला. ज्या पोराला माझी जागा मिळाली होती, त्याने चार स्टार दिले. लिहिलं, ‘बापाचं पात्र अजिबात सपाट नाही. थप्पडेचा प्रसंग लेखकाच्या जगण्यातून आलेला आहे, हे लपत नाही.’ बाबांनी सिनेमा बघण्याआधीच ते कात्रीने कापलं आणि फाइलीत लावलं. त्या फाइलीत माझी अठरा वर्षांची परीक्षणं आहेत, एकही न चुकवता. मला वाटतं, थप्पड हा शब्द त्यांनी वाचला असणार. विचारलं नाही.

मग त्यांनी फोन करून सगळ्यांना जमवलं. एकूण सहा जण उरलेत आता. कल्याणच्या मॉलमध्ये दुपारी बाराचा शो. काकांनी स्वतःच्या गाडीतून सगळ्यांना गोळा करून आणलं. सहाही जण इस्त्रीचे शर्ट घालून आले होते. एकाने तर खाकी पँट घातली होती, जुन्या युनिफॉर्मसारखी. काकांनी पिशवीतून एक शंभर पानी वही काढून मला दाखवली, पिवळी पडलेली. गेटवरची हजेरी. इतकी वर्षं सांभाळून ठेवली होती. “तुज्या सिनेमासाठी आणली,” ते म्हणाले. “आमचा पन नाव हाय हितं.”

मी त्यांच्या मागच्या रांगेत बसलो. मला पडदा बघायचाच नव्हता, मी सहा डोकी बघत होतो. गेट आलं तेव्हा डोकी एकमेकांकडे झुकली. कुलुपाला हळदकुंकू लागलं तेव्हा एकाने चक्क हात जोडले. मग बाप आला, लाल डोळ्यांचा. झोप झाली नाही, म्हणाला. काकांचं डोकं हळूच बाबांकडे वळलं. आणि मग ती खोली, खुंटीवरचा युनिफॉर्म, बाटली. थप्पड. थिएटरमध्ये कुणीतरी बाई मुसमुसली. नटाने काम फार चांगलं केलंय, हे समीक्षक म्हणून सांगतो.

बाबांचं डोकं हललं नाही. शेवटपर्यंत हललं नाही. पडद्यावर माझं नाव आलं तेव्हा त्यांनी टाळ्या वाजवल्या. बाकीच्यांनी थोडं थांबून वाजवल्या.

बाहेर सरकत्या जिन्यापाशी सगळे उभे राहिले. मी ठरवलं होतं, आता सांगायचं. हे मी बनवलेलं आहे, काका, असं काही नव्हतं. वाक्य तयार होतं. पण काकांनी बाबांच्या खांद्यावर हात ठेवला.

“काय रं,” ते म्हणाले, “येवडी वरसं एकाला लागून एक उबा ऱ्हायलो आपून, आन आमाना कदी कललाच नाय.” त्यांचे डोळे भरले होते. “म्हनून तुजे डोले लाल व्हते त्या दिशी. आन वहीत दोन दिस सई नाय तुजी. मी कदी इचारला पन नाय तुला.”

“आणि म्हणून तू आमच्यात घेत नाहीस,” खाकी पँटवाले म्हणाले. “तेव्हाच सोडलीस. आणि आम्ही येडे तुला सरबतवाला म्हणतो.”

सगळं जुळत होतं. लाल डोळे जुळत होते, वही जुळत होती, सरबत जुळत होतं. मी तोंड उघडलं. तेवढ्यात बाबांनी माझ्याकडे बघितलं. फार वेळ नाही, लेथवर माप घेताना बघतात तेवढाच. मग ते काकांकडे वळले.

“थोडेच दिवस होतं रे ते,” ते म्हणाले. “मग सुटलं.”

आणि मग ते, ज्यांनी मला दोन दिवस चमच्याने पाणी पाजलं होतं, सगळ्यांना म्हणाले, “पण पोराने लिहिलंय चांगलं, नाही?”

सगळ्यांनी माझ्या पाठीवर थाप मारली. काका म्हणाले, बापाचा असा लिवाया छाती लागते. मी तिथे उभा राहिलो, त्या थापा घेत. मी काहीही बोललो नाही. परत एकदा.

घरी आल्यावर मी ओरडलो. ज्याच्यावर ओरडायचा काहीही हक्क नाही अशा माणसावर ओरडलो. तुम्ही हो का म्हणालात? तुम्हाला नाही म्हणायला काय झालं होतं? बाबांनी पायमोजे काढून बुटात नीट घातले. “नाही म्हटलं असतं तर तू खोटा पडला असतास,” ते म्हणाले. “तिथेच. पडद्यावर नाव नुकतंच येऊन गेलं होतं तुझं.”

त्या आठवड्यात निर्मात्याने पेढे पाठवले. सोबत मेसेज: लोकांना फार आवडलंय, आता तुमच्या आईवर करू या, असंच अनुभवातलं काहीतरी, दम असलेलं. माझी आई सहा वर्षांपूर्वी गेली. मी मेसेज पुसला नाही. उत्तरही दिलं नाही. टेबलावर फोन तसाच पडला होता आणि बाबा तिथेच चहा घेत होते, एवढं मला आठवतं.

मग दसरा झाला. नंतरच्या रविवारी काका गाडी घेऊन आले आणि बाबांना घेऊन गेले. संध्याकाळी पाचला बाबा परत आले. शर्ट काढून हँगरला लावत ते सहज म्हणाले, “या वेळी बाटली काढलीच नाही कुणी. सगळ्यांनी सरबत घेतलं.”

“का?”

“माझ्यासमोर नको म्हणे. मला त्रास होईल.” ते हँगर खुंटीला अडकवत होते. “मटणाबरोबर लिंबू सरबत. कशी तोंडं झाली होती एकेकाची.”

मी फोन उचलला. काकांचा नंबर काढला. बाबांनी विचारलं, काय करतोयस? म्हटलं, खरं सांगतोय, आता बास झालं.

“ठेव तो,” ते म्हणाले. आवाज चढवला नाही. “त्या पाच म्हाताऱ्यांनी माझ्यासाठी सोडलीय ती. आता त्यांना काय सांगणार, उगीच सोडलीत म्हणून?”

मी फोन ठेवला. बाबा खिडकीजवळच्या खुर्चीवर जाऊन बसले. त्यांनी पेपर उघडला. मला वाटलं, विषय संपला.

“पुढचं लिहायला घेतलंस का?” त्यांनी विचारलं.

“अजून नाही.”

“आईला नको घेऊस त्यात,” ते म्हणाले. “ती नाहीये आता, हो म्हणायला.”